जेनेलिया (विशेषनाम)

जेनेलिया : मुलीचे आधुनिक जोडनाव. आईचे 'जीनेट' आणि वडिलांचे 'नील' या दोन नावांचे तुकडे जुळवून ते तयार झाले. अभिनेत्री जेनेलिया देशमुख (पूर्वाश्रमीच्या डिसूझा, जन्म मुंबई, ५ ऑगस्ट १९८७) यांच्यामुळे ते देशभर पोहोचले. २०१२ मध्ये त्या लातूरजवळच्या बाभळगावच्या देशमुख कुटुंबाच्या सून झाल्या, तेव्हापासून मराठवाड्यात हे नाव 'वहिनी' जोडून घेतले जाते. आईवडिलांच्या नावांतून मुलीचे नाव घडवण्याची हौस आता नांदेड-लातूरकडेही अनोळखी राहिलेली नाही. त्या हौसेचे या भागाशी नाते असलेले सर्वांत प्रसिद्ध उदाहरण हेच.

घडण : जेनेलिया यांचे माहेर मंगळुरी कॅथलिक. जीनेट हे फ्रेंच वळणाचे नाव, 'जाँ' या नावाच्या स्त्रीरूपाला लाडाचा प्रत्यय लागून झालेले. त्याचे मूळ हिब्रू 'योहानान' म्हणजे 'देवाची कृपा' इथवर जाते. आपल्याकडच्या ख्रिस्ती घरांतला जॉन आणि गोव्याकडचा जुवांव हे याच कुळातले. नील हे आयरिश 'नियाल'चे इंग्रजी रूप. त्याचा अर्थ कोणी 'ढग' सांगतात, कोणी 'वीर'. मराठी कानाला नील म्हटले की निळा रंग आठवतो, पण या नीलचा त्या निळाईशी संबंध नाही.

जोडणी अशी झाली : आईच्या नावाचा आरंभ पुढे, वडिलांच्या नावातले 'न' आणि 'ल' मध्ये, आणि शेवटी ज्युलिया, सिल्विया, कॉर्नेलिया यांच्यात दिसणारा लॅटिन 'इया'. हा शेवट नसता तर दोन तुकडे दोन तुकडेच राहिले असते. त्याने नावाला नावपण दिले. आकारान्त असल्याने जया, विजया, प्रिया यांच्या पंगतीत ते मराठीतही सहज बसते. रोमन लिपीत आईचे नाव 'जे'ने आणि मुलीचे 'जी'ने सुरू होते, त्यामुळे तिथे सांधा डोळ्यांना दिसत नाही. देवनागरीत दोघींचा 'ज' एकच आहे. हे नाव आईवरून आले हे इंग्रजीपेक्षा मराठीत लिहिल्यावर जास्त स्पष्ट होते.

अर्थ : 'दुर्मीळ', 'एकमेव' असा अर्थ कुटुंबाकडून सांगितला गेला आणि नावांच्या याद्यांनी तो जसाच्या तसा उचलला. पण तो अर्थ देणारा धातू जीनेटमध्ये नाही आणि नीलमध्येही नाही. नाव घडवले तेव्हा तसे दुसरे नव्हते, एवढ्यापुरता तो खरा आहे. जोडनावांच्या बाबतीत व्युत्पत्ती आणि सांगितलेला अर्थ या दोन गोष्टी वेगळ्याच ठेवाव्या लागतात. व्युत्पत्ती जन्मदाखल्यावरच्या दोन नावांत सापडते, अर्थ मात्र आईवडील ठरवतात. त्यात कमीपणा नाही. इंग्रजीतले 'व्हेनेसा' हे नाव जोनाथन स्विफ्टने एस्थर व्हॅनहोमरी हिच्या आडनावाचा आरंभ आणि एस्थरचे लाडके रूप जोडून बनवले. १७२६ मध्ये छापल्या गेलेल्या कवितेतून ते लोकांत आले, आणि १८०७ मध्ये फॅब्रिशियस या कीटकशास्त्रज्ञाने फुलपाखरांच्या एका प्रजातीसमूहालाच ते दिले. आता व्हेनेसाचा अर्थ 'फुलपाखरू' असे बेधडक सांगितले जाते. नाव टिकले की अर्थ मागाहून येऊन बसतो.

परंपरेशी नाते : आईबापावरून मुलीला ओळखणे आपल्याकडे जुनेच. जनकाची जानकी, द्रुपदाची द्रौपदी, पर्वताची पार्वती. ही सगळी तद्धित रूपे, आणि तिघींतही बाप आहे, आई नाही. दोन शब्द जोडून नाव करण्याचीही सवय आहे : स्नेहलता, चंद्रकला, हेमांगी. तो समास. समासात दोन्ही पदे धडधाकट उभी असतात, विग्रह करता येतो. जोडनावात पदे मोडलेली असतात, म्हणून त्याचा विग्रह व्याकरणाच्या पुस्तकावरून होत नाही, घरच्यांना विचारूनच होतो. पाणिनीने पहिला वर्ण आणि शेवटची खूण घेऊन 'अच्', 'हल्' असे प्रत्याहार केले, ते काटकसरीच्या बाबतीत यांचे दूरचे नातलग म्हणता येतील. पण तिथे नियम आहे, इथे फक्त कानाची पसंती.

नांदेडमध्ये नाव ठरवण्याची एक वेगळी पद्धत शेजारीच नांदते. गुरू गोविंदसिंगांचे १७०८ मध्ये नांदेडला निर्वाण झाले, आणि तख्त सचखंड हुजूर साहिबमुळे इथे शीख वस्ती रुजली. शीख घरांत गुरू ग्रंथसाहिब उघडून आलेल्या वचनाच्या पहिल्या अक्षरावरून नाव ठेवतात. मुलगा असो की मुलगी, नाव तेच चालते. पुढे सिंग किंवा कौर लागते. गुरप्रीत, हरप्रीत, मनप्रीत, हरजीत अशी ही नावे ठरावीक पूर्वपदे आणि उत्तरपदे फिरवून होतात. उर्दू-दखनी बोलणाऱ्या घरांत गुलनाज, गुलबदन ही फारसी समासाची नावे आहेत. म्हणजे नाव 'जुळवणे' या भागाला नवे नाही. नवे आहे ते तुकडे शब्दकोशातून किंवा धर्मग्रंथातून न घेता आईवडिलांच्या नावांतून घेणे.

मराठी बारशात अक्षर पत्रिकेवरून येते आणि नाव आत्या ठेवते, कानात कुर्रर्र करून. जोडनावाने या दोघांचीही पंचाईत केली आहे. नाव आईबापांनी आधीच ठरवलेले असते, आत्याकडे फक्त उच्चाराचा मान उरतो. आणि अक्षर जुळेलच असे नाही. अवकहडा चक्रात 'जू, जे, जो, खा' ही अक्षरे अभिजित नक्षत्राची, आणि अभिजित नेहमीच्या सत्तावीस नक्षत्रांत मोजत नाहीत. हट्टाने पाहायचेच तर जेनेलिया या नावाला नक्षत्रही यादीबाहेरचेच मिळते! व्यवहारात लोक यातून वाट काढतात : पत्रिकेचे जन्मनाव वेगळे, हाक मारायचे वेगळे.

लातूरशी संबंध : रितेश देशमुख आणि जेनेलिया या दोघांचाही पहिला चित्रपट 'तुझे मेरी कसम' (२००३), हैदराबादच्या रामोजी राव यांच्या संस्थेचा. रितेश हे तेव्हाचे मुख्यमंत्री विलासराव देशमुख (१९४५–२०१२) यांचे चिरंजीव. त्यानंतर जेनेलिया यांची कारकीर्द दक्षिणेत बहरली. 'बॉईज' (२००३) हा तमिळ, 'बोम्मरिल्लू' (२००६) हा तेलुगू. देगलूर, बिलोली, धर्माबाद हे नांदेडचे तालुके तेलंगणाला लागून आहेत, तेलुगू तिथे घरात आणि बाजारात कानावर पडते. तिकडच्या प्रेक्षकाला ही अभिनेत्री आधी 'बोम्मरिल्लू'ची हासिनी म्हणून ठाऊक, मग 'जाने तू... या जाने ना' (२००८) मधली अदिती म्हणून, आणि त्यानंतर शेजारच्या जिल्ह्याची सून म्हणून.

लग्न ३ फेब्रुवारी २०१२ रोजी मराठी पद्धतीने झाले, दुसऱ्या दिवशी ख्रिस्ती पद्धतीने. नावाच्या दृष्टीने या लग्नात महत्त्वाचे ते काय बदलले नाही हे. मराठी घरांत नव्या सुनेचे नाव बदलण्याची रीत आहे; ताटात तांदूळ पसरून त्यावर अंगठीने नवे नाव लिहितात. मराठवाड्यातल्या कितीतरी आज्यांचे माहेरचे नाव नातवंडांना माहीतच नसते. इथे आडनाव बदलले, नाव राहिले. 'वेड' (३० डिसेंबर २०२२) हा रितेश यांनी दिग्दर्शित केलेला पहिला चित्रपट. त्यात जेनेलिया यांनी मराठीत पहिल्यांदा मुख्य भूमिका केली, श्रावणी नावाच्या पत्नीची. पडद्यावर श्रावणी, श्रेयनामावलीत जेनेलिया देशमुख. सुनेचे नाव परके वाटते म्हणून बदलायचे, ही सबब या नावाने निदान लातुरात तरी फिकी पाडली आहे. ज्या नावाचा अर्थ सांगता येत नाही, ज्याला नक्षत्र नाही आणि ज्याचा देव माहीत नाही, ते नाव लोकांनी 'वहिनी' लावून आपलेसे केले.

लेखनभेद : मराठी वृत्तपत्रांत जेनेलिया, जेनिलिया, जिनिलिया अशी तिन्ही रूपे छापली जातात. हा केवळ मुद्रितशोधकांचा निष्काळजीपणा नव्हे. सुनीता किंवा वैष्णवी चुकले तर दुरुस्त करायला शब्दकोश आहे, जोडनावाला तो आधार नाही. घरचे लिहितील ते शुद्ध, आणि घरच्यांनीच दोनदा वेगळे लिहिले तर दाद कुठे मागायची?

आईचे नाव : जोडनावाचे खरे मोल अर्थात किंवा वेगळेपणात नाही, ते आईच्या अक्षरात आहे. मराठी माणसाचे पूर्ण नाव म्हणजे स्वतःचे नाव, वडिलांचे नाव, आडनाव. मुलीचे लग्न झाले की वडिलांच्या जागी नवऱ्याचे नाव येते. या तीन घरांत आईला जागा नव्हती. शाळेच्या हजेरीपटापासून सातबाऱ्यापर्यंत ती कुठेच दिसत नसे. काही घरांत तर मुलीच्या स्वतःच्या नावातूनही नाराजीच डोकावे. 'नकुसा' या नावाच्या अडीचशेहून अधिक मुलींना सातारा जिल्ह्यात २०११ साली समारंभपूर्वक नवी नावे द्यावी लागली. अशा व्यवस्थेत जोडनाव आईला मागच्या दाराने आत आणते. वडिलांचे नाव मधल्या रकान्यात असतेच. आईचे अक्षर थेट मुलीच्या नावात बसते, आणि लग्नानंतर मधले नाव बदलले तरी ते हलत नाही. जेनेलिया या नावात तर आई पहिली आहे.

सरकारी पातळीवर हे पुढे सरळ दाराने झाले. महाराष्ट्र शासनाच्या मार्च २०२४ च्या निर्णयानुसार १ मे २०२४ रोजी किंवा त्यानंतर जन्मलेल्या मुलामुलींच्या नावाचा क्रम स्वतःचे नाव, आईचे नाव, वडिलांचे नाव, आडनाव असा ठरला. त्यामुळे जोडनावाची गरज संपली, असा तर्क करता येईल. पण नाव गरजेपोटी ठेवले जात नाही, हौसेने ठेवले जाते. हौस ओसरण्याचे चिन्ह नाही.

इतर उदाहरणे : चित्रपटसृष्टीने या प्रकाराला प्रतिष्ठा दिली. आदित्य चोप्रा आणि राणी मुखर्जी यांची मुलगी आदिरा (२०१५), शाहिद आणि मीरा कपूर यांची मीशा (२०१६) ही सर्वांत गाजलेली. २०२१ मध्ये विराट कोहली आणि अनुष्का शर्मा यांच्या मुलीचे नाव जाहीर झाले, 'वामिका'. त्यात लोकांनी लगेच 'व' आणि 'का' शोधले. वास्तविक वामिका हे दुर्गेचे नाव म्हणून आधीपासून आहे. जोडनावाची उत्तम जात हीच म्हणावी लागेल : आईबापांच्या अक्षरांचा भास व्हावा आणि तरीही शब्द कोशात असावा. सर्वांत कच्ची जात म्हणजे दोन नावांची पहिली अक्षरे नुसती चिकटवणे. तिने नावाऐवजी महाबीज किंवा महावितरणसारखे संक्षिप्त रूप तयार होते, आणि पोरीला ते आयुष्यभर वागवावे लागते. दोन नावांत एखादा वर्ण समान असेल तर सांधा त्याच्यावर घ्यावा, जोडाक्षर टाळावे, आणि आजीला पहिल्या झटक्यात म्हणता येते का ते पाहावे. जेनेलिया या कसोट्यांना बऱ्यापैकी उतरते. आजीचा 'जिनीलिया' सोडून द्यावा.

नोंदणी : जोडनावाची सगळी कटकट कागदावर सुरू होते. १९६९ च्या जन्म-मृत्यू नोंदणी कायद्याखाली बाळाचे नाव जन्मनोंदीत वर्षभरात विनाशुल्क घालता येते. त्यानंतर पंधरा वर्षांपर्यंत विलंब शुल्क भरून. म्हणजे घाई नसते, पण घाई केली जाते. ग्रामपंचायतीत किंवा महापालिकेत कानाने ऐकून लिहिलेले रूप एक, आधारवरचे दुसरे आणि शाळेच्या टीसीवरचे तिसरे, असे झाले की गाठ दहावी-बारावीला सुटेनाशी होते. लातूर आणि नांदेड ही वैद्यकीय-अभियांत्रिकी प्रवेशांच्या तयारीची गावे. क्लासेसच्या फलकांवर गुणवंतांची नावे झळकतात आणि प्रवेशाच्या वेळी कागदपत्रे अक्षर अक्षर तपासली जातात. तेव्हा चूक दिसली तर प्रतिज्ञापत्र करा, राजपत्रात नाव छापून आणा, हे आलेच. जोडनाव ठेवायचे असेल त्यांनी जरूर ठेवावे. मात्र देवनागरी आणि रोमन अशी दोन्ही रूपे बारशाआधी एका कागदावर लिहून पक्की करावीत, आणि जन्मदाखल्यापासून प्रत्येक ठिकाणी त्याच कागदावरून उतरवून घ्यावीत.