रेवतीचा शोध

रत्नागिरीकडील कांहीं घरांत मकरसंक्रांतीचा तिळगूळ १० जानेवारीच्या सुमारास वांटला जातो. भिंतीपलीकडील शेजारी तो १४ किंवा १५ जानेवारीस वांटतात. पहिल्या घरीं टिळक पंचांग असतें, दुसऱ्या घरीं निराळें. नवख्या पाहुण्यास याचें हंसूं येतें. परंतु सूर्य दिवसास सुमारें एक अंश चालतो हें ध्यानांत घेतलें, म्हणजे हे चार दिवस वस्तुतः आकाशांतील चार अंश आहेत हें उघड होतें. आणि त्या चार अंशांच्या मुळाशीं एक अंधुक तारा आहे. तिचें नांव रेवती.

मार्कंडेय पुराणांत या शेवटच्या नक्षत्राची मोठी मनोरम कथा आहे. ऋतवाक् ऋषीस रेवतीच्या अंत्य चरणावर पुत्र झाला व तो दुर्वर्तनी निघाला. हा दोष नक्षत्राचा, असें गर्गांनीं सांगतांच ऋषीनें रेवतीस शाप दिला, आणि ती कुमुद पर्वतावर कोसळली. तिच्या तेजापासून सरोवर झालें व त्यांतून एक कन्या निर्माण झाली. तिचा विवाह ठरला तेव्हां तिनें हट्ट धरिला कीं, आपलें लग्न रेवती नक्षत्रावरच लागलें पाहिजे. अखेर तिचा प्रतिपाळ करणाऱ्या प्रमुच ऋषींनीं तपोबलानें तें नक्षत्र पुनः चंद्राच्या मार्गांत बसविलें.

इतिहासांतही रेवतीचें असेंच कांहीं झालें. सूर्यसिद्धांतांत तिच्या योगतारेचें स्थान राशिचक्राच्या आरंभाच्या अवघ्या १० कला अलीकडे दिलें आहे. म्हणजे ती सांपडली कीं मेषारंभ सांपडला. पुढें पंचांगें पोथींतील कोष्टकांवरून होऊं लागलीं, आकाशाशीं ताळा पाहण्याची चाल मागें पडली, आणि रेवती कोणती हें बोटानें दाखविणें कठीण झालें. पाश्चात्य नकाशांतील मीन राशीची झीटा ही तारा ती असावी, असें अनेकांनीं ठरविलें. ती क्रांतिवृत्तास अगदीं लगटून आहे. परंतु प्रत पांचवी, नुसत्या डोळ्यांस जेमतेम दिसणारी.

त्याच ग्रंथांत चित्रा बरोबर १८० अंशांवर सांगितली आहे. ती ठळक, पहिल्या प्रतीची; चुकण्याची भीतीच नाहीं. परंतु दोन्ही वचनें एकदम खरीं ठरत नाहींत. चित्रेच्या समोरचा बिंदु झीटेपासून सुमारें ४ अंश दूर पडतो, आणि तेथें खूण म्हणून दाखवावी अशी एकही ठळक तारा नाहीं. चित्रापक्षाचा मेषारंभ ही जणूं कल्पनेनें बसविलेली तारा होय! वसंतसंपात झीटेपाशीं होता तो काळ इ. स. ५७० च्या सुमाराचा. चित्रेच्या समोर होता तो इ. स. २८५ चा.

केरो लक्ष्मण छत्रे यांनीं शके १७८७ (इ. स. १८६५) पासून झीटा धरून दृक्प्रत्ययाचें पंचांग सुरू केलें. १८५६ सालीं रत्नागिरींत जन्मलेल्या लोकमान्य टिळकांनीं तोच पक्ष उचलला. याच जिल्ह्यांतील मुरूडचे शंकर बाळकृष्ण दीक्षित यांनीं मात्र ‘भारतीय ज्योतिःशास्त्र’ (१८९६) या ग्रंथांत सर्व पक्ष तोलून सायन गणनेस कौल दिला; तींत वर्ष संपातापासून मोजावयाचें असल्यानें तारेची गरजच उरत नाहीं. व्यंकटेश बापूजी केतकर चित्रेच्या बाजूस राहिले. १९५५ सालीं मेघनाद साहा यांच्या समितीनें धर्मकृत्यांसाठीं जो अयनांश सुचविला, तो चित्रापक्षास जुळणारा होता.

या मतभेदाची किंमत लहान नव्हे. अधिक मास निराळा पडला, म्हणजे सासरचा गणपति व माहेरचा गणपति यांत महिन्याचें अंतर पडतें, आणि लेकीनें कोणत्या घरचा सण खरा मानावा? ऐक्यासाठीं एक पंचांग इष्ट, हें आम्हांस मान्य आहे. तथापि या वादास निव्वळ हट्ट म्हणणें अन्यायाचें होईल. या मंडळींचे पक्ष भिन्न होते. परंतु पोथी आणि आकाश यांत विरोध आला तर आकाशास विचारावें, ही त्यांची वृत्ति एकच होती. मुलाच्या दुर्वर्तनाचें खापर तारेवर फोडणाऱ्या ऋषीनें रेवती खालीं पाडली. तिचें स्थान मोजूं पाहणाऱ्यांनीं तिला पुनः वर नेऊन बसविलें. आमच्या वाचकांनीं कार्तिकांतील एखाद्या निरभ्र, चांदणें नसलेल्या रात्रीं अंगणांत उभें राहून तिला शोधावें. पंचांग कोणतेंही असो, तारा तीच दिसेल.