तळटीप : ‘राब’

४. राब : आजी ‘राब भाजायला’ गेली, असं लेखक म्हणतो तेव्हा चुलीचा काही संबंध नाही. शहापूर-मुरबाडकडे भाताचं रोप जिथे करायचं, तेवढ्याच तुकड्यावर उन्हाळ्यात शेण, ऐनाचे टहाळ, पालापाचोळा, गवत असे थर रचतात. वरून थोडी माती पसरतात, म्हणजे भडका न उडता सगळं धुमसत जळतं. तणाचं बी मरतं, राखेचं खत होतं. रचलेला थर म्हणजे राब आणि भाजलेली जागाही राबच. टहाळांसाठी झाडं छाटण्यावरून जंगल खात्याशी इतकी तेढ वाढली, की ठाणे-कुलाब्यातल्या तक्रारींसाठी मुंबई सरकारला १८८५ साली आयोग नेमावा लागला.

गुजरात-राजस्थानात मात्र राब प्यायची असते : बाजरीच्या पिठाची पातळ पेज. हिंदीत राब म्हणजे उसाचा रस आटवून केलेला दाट पाक, ज्यातून खांडसारी निघते. अरबी ‘रुब्ब’ म्हणजे आटवलेला फळरस. युरोपातल्या औषधविक्यांनी त्याचा ‘रॉब’ केला. स्कर्व्हीवर लिंबू-संत्री लागू पडतात हे दाखवणाऱ्या जेम्स लिंडने १७५३च्या ग्रंथात तोच सुचवला. आटवण्यात गुण उडून जातो, हे बिचाऱ्याला कळायचं होतं.

‘राबणे’शी नातं लावण्याचा मोह टहाळांचे भारे वाहणाऱ्यांना होईलच, पण उच्चार जुळला म्हणजे व्युत्पत्ती जुळली असं नाही. ‘रब्बी’ तर अरबी ‘रबीअ’ म्हणजे वसंतावरून आलेला शब्द. राबावरचा भात खरिपाचा.