सावळ्या कुंभाराचे न लिहिलेले संवाद

चिंचोळी एमआयडीसी मागे टाकून सोलापूर-पुणे महामार्गाने निघाले की मोहोळनंतर मोडनिंब येते. तिथली कलाकेंद्रे संगीतबारीची. तिथे मान लावणी गाणारीचा आणि नाचणारीचा. तमाशाची दुसरी शाखा ढोलकी फडाची. गण, गवळण, बतावणी आणि वग असा खेळ जत्रेत रात्रभर चालवणाऱ्या या शाखेत सोंगाड्याशिवाय पान हलत नाही. पुणे ओलांडून मुंबईच्या वाटेला लागले की तळेगावजवळ इंदुरी हे गाव आहे. ढोलकी फडाचा एक थोर सोंगाड्या, गजानन राघू सरोदे, या गावाच्या नावाने ओळखला गेला. तो म्हणजे दादू इंदुरीकर.

दादूंचे नाव जोडले गेले ते ‘गाढवाचं लग्न’ या वगाशी. वग हरिभाऊ वडगावकरांचा. इंद्राच्या शापाने गाढव झालेला गंधर्व सावळ्या कुंभाराच्या घरी येतो, माणसासारखा बोलू लागतो आणि राजाच्या मुलीशी लग्न लावून दे, असा हट्ट धरतो. दादू सावळ्या करत. त्याची बायको गंगी रंगवली प्रभा शिवणेकरांनी. कथानक एवढेच; ते तासाभरात संपेल. वग रंगे तो सावळ्या-गंगीच्या भांडणाने आणि दरबारात राजाशीही घरच्यासारखे बोलणाऱ्या कुंभाराने.

हे रंगणे कसे घडते? सोंगाड्याला प्रवेशाचे टोक ठाऊक असते, वाट ठाऊक नसते. समोरच्याने प्रश्न टाकायचा आणि सोंगाड्याने शब्दाचा भलताच अर्थ घेऊन तो परतवायचा. हशा आला की धागा ताणायचा, नाही आला की सोडून द्यायचा. गावची पाणीटंचाई, पाटलाचा तोरा, पुढे बसलेल्याचा फेटा, काहीही त्यात येऊ शकते. मात्र कितीही भरकटले तरी सोबतच्या नटाला कथेत परत येण्याची जागा ठेवावी लागते. म्हणून हजरजबाबीपणा हा एकट्याचा गुण नव्हे. गंगीने वेळेवर टोला दिला नाही, तर सावळ्याचे वाक्य हवेतच राहते.

या कलेपुढे स्वातंत्र्यानंतर कायद्याचा पेच उभा राहिला. अश्लीलतेच्या कारणावरून मुंबई सरकारने तमाशावर बंदी घातली. पुढे ती उठली, पण वगाची संहिता आधी तपासून घेण्याची अट आली. १९५४पासून रंगभूमीसाठी परिनिरीक्षण मंडळच अस्तित्वात आले. चावट बोलण्याला आळा बसावा हा हेतू समजण्यासारखा होता. पण मंजुरी मिळायची ती लिहिलेल्या शब्दांना, आणि सोंगाड्याची भाकरी होती न लिहिलेल्या शब्दांवर. आजच्या गावाचा विनोद कालच्या कागदावर कसा असणार?

दादूंची कारकीर्द या पेचातूनच वर गेली. हा वग जत्रेच्या कनातीतून शहरांतल्या नाट्यगृहांत आला आणि पांढरपेशा प्रेक्षकांनीही तो डोक्यावर घेतला. १९७३ साली त्यांना तमाशासाठी संगीत नाटक अकादमीचा पुरस्कार मिळाला. १९६५च्या वसंत सबनीसांच्या ‘विच्छा माझी पुरी करा’मध्ये दादा कोंडक्यांचा हवालदार जी मोकळीक घेत होता, तिचे मूळ फडावरच होते. दादू १९८० साली गेले. त्यानंतर सावळ्या प्रकाश इनामदारांनी रंगवला, आणि २००७च्या चित्रपटात मकरंद अनासपुऱ्यांनी.

भूमिका नटामागून नटाकडे गेली, हे बरेच झाले. पण वाङ्मयाच्या इतिहासात वग लेखकाच्या नावावर लागतो आणि सोंगाड्या ‘कलावंत’ म्हणून बाजूला उरतो. वडगावकरांची चौकट नसती तर दादूंना खेळायला अंगण मिळाले नसते, हे खरे. मात्र त्या अंगणात रोज नवे उच्चारलेले संवाद कुणाचे? ते रचणाऱ्याला नट एवढेच म्हणून थांबणे अपुरे आहे. वगाच्या लेखकांची यादी करताना वडगावकरांशेजारी दादूंचे नाव लिहायला हवे. आणि प्रभा शिवणेकरांचेही.