चामय्या मास्तर

कर्नाटकात ‘चामय्या मेष्ट्रु’ म्हटले की कोणाही कानडी गृहस्थाच्या डोळ्यांसमोर एकच चेहरा उभा राहतो. मेष्ट्रु म्हणजे आपले मास्तर. अंगात साधा कोट, बोलण्यात आर्जव आणि शिष्याच्या काळजीने किंचित वाकलेले खांदे, असा हा मास्तर. त्या चेहऱ्याचे धनी के. एस. अश्वत्थ हे म्हैसूरचे. जन्म येथलाच, 1925 चा. आणि 18 जानेवारी 2010 रोजी देह ठेवला तोही याच नगरीत. मधल्या चाळीस-पंचेचाळीस वर्षांत त्यांनी साडेतीनशेहून अधिक चित्रपटांत कामे केली. त्यांतली नायकाची म्हणावी अशी फारच थोडी.

त्यांचे संपूर्ण नाव करगनहळ्ळी सुब्बराय अश्वत्थनारायण. सतरा वर्षांचे असताना 1942 च्या चळवळीत त्यांनी उडी घेतली आणि विद्याभ्यास तेथेच आटोपला. पुढे अन्न-निरीक्षक म्हणून सरकारी नोकरी. नाटकाचे वेड मात्र होते. आणि ते पुरवले गेले दोन ठिकाणी, हौशी रंगभूमीवर आणि आकाशवाणीवर.

येथे थोडे विषयांतर करावेसे वाटते, कारण त्यावाचून अश्वत्थांचा अभिनय नीट उलगडत नाही. हिंदुस्थानच्या नभोवाणीला लाभलेले ‘आकाशवाणी’ हे नाव म्हैसूरच्या एका खाजगी केंद्राचे होते. महाराजा कॉलेजातील मानसशास्त्राचे प्राध्यापक एम. व्ही. गोपालस्वामी यांनी 1935 साली आपल्या राहत्या घरी अवघ्या 30 वॅटच्या यंत्रावर ते सुरू केले. त्या घराचे नाव ‘विठ्ठल विहार’! आम्हां मराठी माणसांना हे नाव ऐकून उगीचच आपलेपणा वाटतो. पुढे केंद्र संस्थानाकडे गेले, आणि 1955 साली बंगळूरला हलले. त्यापूर्वीच्या काळात म्हैसूर केंद्रावरून होणाऱ्या नाटिकांत तरुण अश्वत्थ भाग घेत असत.

त्यांच्या पिढीतील कानडी नट बहुतेक नाटक कंपन्यांतून वाढलेले. राजकुमार, नरसिंहराजू, बालकृष्ण ही मंडळी गुब्बी वीरण्णांच्या कंपनीतली. कंपनीच्या नटाला शेवटच्या बाकावरच्या प्रेक्षकापर्यंत शब्द पोहोचवावा लागे. त्याचा आवाज तालमीतच खणखणीत होई, हातवारे मोठे होत. आमच्या संगीत नाटकांचीही हीच तऱ्हा होती. ध्वनिक्षेपकासमोर उभ्या राहणाऱ्या नटाचे शास्त्र नेमके उलटे. तेथे ओरडून भागत नाही. वाक्याच्या शेवटी श्वास किती सोडावा, कोठे थांबावे, एवढ्यावरच सारा खेळ. अश्वत्थांचे हळू, घोटीव बोलणे या शाळेत तयार झाले असावे, असे आम्हांस वाटते. त्यांच्या पडद्यावरील संयमाला लोक ‘स्वभाव’ म्हणतात. आम्ही त्याला शिक्षण म्हणतो.

के. सुब्रह्मण्यम यांच्या ‘स्त्रीरत्न’ (1955) या चित्रपटातून ते पडद्यावर आले ते नायक म्हणून. त्यांचे वय तेव्हा तीस. एक वर्ष आधीच ‘बेडर कण्णप्प’मधून राजकुमारांचा उदय झाला होता, आणि नायकपदाची गादी पुढली कित्येक वर्षे त्यांच्याकडेच राहावयाची होती. अश्वत्थ वडीलधाऱ्या भूमिकांकडे वळले. राजकुमारांहून ते वयाने अवघे चार वर्षांनी मोठे. पण पडद्यावर त्यांच्या तोंडी वडिलांची भाषा शोभू लागली. पौराणिक चित्रपटांत नारद त्यांनी इतक्यांदा रंगवला की कानडी प्रेक्षकाला दुसरा नारद पटेनासा झाला. सामाजिक चित्रपटांत ते आणि पंढरीबाई हे आईबापांचे ठरलेले जोडपे.

सद्गृहस्थाच्या भूमिका करणाऱ्या नटावर एक अन्याय हटकून होतो. दुष्टाचे काम करणाऱ्याला लोक ‘काय नट आहे!’ म्हणतात, सज्जनाचे काम करणाऱ्याला ‘काय सज्जन आहे!’ म्हणतात. आमच्याकडे केशवराव दात्यांच्या वाट्याला ‘अमृतमंथन’चा (1934) क्रूर राजगुरू आला, ‘कुंकू’मधला (1937) जरठ काकासाहेब आला आणि मग ‘शेजारी’तला (1941) भाबडा जिवबाही आला. त्यामुळे त्यांच्या कलेचा पल्ला कोणालाही दिसला. अमेरिकेत टॉमस मिचेल या रंगभूमीवरून आलेल्या नटाने 1939 या एकाच वर्षी ‘स्टेजकोच’मधला दारुडा डॉक्टर आणि ‘गॉन विथ द विंड’मधला वेडसर होत जाणारा जमीनदार अशी दोन टोके गाठली, आणि पहिल्या भूमिकेसाठी ऑस्कर मिळवले. अश्वत्थांना अशी टोके क्वचित मिळाली. त्यांना सज्जनपणातच अंतरे निर्माण करावी लागली. आणि हे काम अधिक अवघड, असे आमचे मत आहे.

‘कस्तुरी निवास’मधला (1971) त्यांचा रामय्या घ्या. दान देता देता कफल्लक झालेल्या धन्याचा हा जुना नोकर. दारी आलेल्या पाहुणीच्या ताटात वाढायला घरात काही नाही म्हणून धनी आपले लाडके कबूतर मारावयास सांगतो. आणि पाहुणी तर तेच कबूतर मागावयास आलेली असते. बोकाचिओच्या ससाण्याच्या जुन्या इटालियन कथेचीच ही ठेवण. चित्रपट अर्थातच राजकुमारांचा. पण आज्ञा ऐकून उभा राहिलेला नोकर नसता, तर त्या त्यागाचे वजन प्रेक्षकाला कशावरून कळले असते? धन्याला आपले दुःख दिसू द्यावयाचे नाही ही रामय्याची धडपड अश्वत्थांनी जवळजवळ न बोलता दाखवली आहे.

पुढच्याच वर्षी पुट्टण्णा कणगाल यांचा ‘नागरहावु’ आला. त. रा. सुब्बराव यांच्या तीन कादंबऱ्यांवर रचलेला, चित्रदुर्गाच्या कातळांत घडणारा. कादंबरीकारांना तो रुचला नव्हता. लोकांनी मात्र डोक्यावर घेतला. रामाचारी हा तापट, मानी तरुण. जग त्याला नागासारखा विखारी समजते. एकटे चामय्या मास्तर त्याला जाणतात. रामाचारीचे अलमेलूवर प्रेम जडते. दोघेही ब्राह्मण, पण पोटजाती निराळ्या. मास्तर त्याला जवळ घेऊन, समजावून, त्या प्रेमावर पाणी सोडायला लावतात. पुढे अलमेलूचा नवराच तिला देहविक्रयाच्या बाजारात लोटतो, आणि रामाचारीला ती तेथे भेटते. मग तो मार्गरेट या ख्रिस्ती मुलीचा हात धरतो, तेव्हा हेच मास्तर पुन्हा आडवे येतात. आणि शिष्याच्याच हातून, नकळत, कड्यावरून कोसळतात.

या माणसाला सज्जन म्हणावे काय? त्याने अनर्थ केला तो द्वेषाने नव्हे, वात्सल्याने. लेखणी जरा कडवट झाली असती तर येथे ढोंगी धर्ममार्तंड उभा राहता. नट जरा भावुक असता तर निव्वळ हुतात्मा. अश्वत्थांनी दोन्ही टाळले. अलमेलूला सोडण्याची गळ घालताना त्यांच्या आवाजात कणभरही संशय नाही. आपण मुलाचे कल्याणच करीत आहोत ही खात्री आहे. त्या खात्रीचीच आम्हांला भीती वाटते. कारण असा मास्तर, असा काका, असा बाप आपण घरोघरी पाहिलेला आहे. म्हैसूरच्या अग्रहारात पाहिला, सदाशिव पेठेतही पाहिला. कानडी प्रेक्षक चामय्यांना आजही हात जोडतो. आम्ही हात जोडून थोडे मागे सरकतो.

या भूमिकेसाठी राज्य सरकारचे सहाय्यक अभिनेत्याचे पारितोषिक अश्वत्थांना मिळाले. रामाचारी झालेल्या नवख्या विष्णुवर्धन यांचे तर आयुष्यच पालटले, तेही म्हैसूरचेच.

चित्रपटाचा धंदा मद्रासेत होता तेव्हा आणि पुढे तो बंगळूरला स्थिरावला तेव्हाही अश्वत्थांनी म्हैसूर सोडले नाही. चित्रीकरणासाठी जावे, काम उरकून परत यावे, असा क्रम. म्हैसुरात प्रीमियर स्टुडिओ होता तोवर काही कामे गावातही होत. 1989 साली तेथे लागलेल्या भीषण आगीत 62 माणसे दगावली, आणि त्या स्टुडिओची रया गेली. उतारवयात अश्वत्थ निवृत्तच झाले होते. 2000 सालच्या ‘शब्दवेधी’त राजकुमारांसमवेत ते पुन्हा दिसले.

30 डिसेंबर 2009 रोजी विष्णुवर्धन म्हैसुरातच हृदयविकाराने गेले. शिष्यामागून एकोणिसाव्या दिवशी मास्तर गेले. 2018 साली ‘नागरहावु’ नव्या तंत्राने उजळून पुन्हा चित्रगृहांत लागला, तेव्हा दोघांपैकी कोणीही हयात नव्हते.