आयत्या वेळचे बोल

कराडास कृष्णा आणि कोयना समोरासमोर येऊन मिळतात आणि तेथून कृष्णा सांगलीच्या वाटेस लागते. या खोऱ्यांत मराठी नाटकाच्या आणि तमाशाच्या इतिहासांतलीं दोन मोठीं पानें लिहिलीं गेलीं. ‘लिहिलीं’ हा शब्द मात्र येथें जरा जपूनच वापरावयास हवा.

१८४३ सालीं सांगलीस विष्णुदास भावे यांनीं श्रीमंत चिंतामणराव अप्पासाहेब पटवर्धन यांच्यापुढें ‘सीतास्वयंवर’ केलें. पदें भाव्यांनीं रचलेलीं. तीं सूत्रधार गाई. रामानें किंवा राक्षसानें मध्यें काय बोलावें, हें मात्र कोठेंच लिहिलेलें नव्हतें. पद संपलें, कीं त्याचा अर्थ नटानें आपल्या वाणीनें वाढवावयाचा. राक्षस आरडाओरडीवर वेळ मारून नेत, ही गोष्ट खरी. पण पुराणें-कीर्तनें ऐकून कान तयार झालेल्या नटास शब्द शोधीत बसावें लागत नसे. बोलणें आयत्या वेळचें, तयारी जन्माची.

१८६१ सालीं विनायक जनार्दन कीर्तने यांचें ‘थोरले माधवराव पेशवे’ आलें. लिहिलेल्या संवादांच्या अशा नाटकांस लोक ‘बुकिश’ म्हणूं लागले. त्यांनीं कथानकास बांधा दिला, नटाची जीभ आवरली. लाभ लहान नव्हे. पण समोरच्या माणसास तेथल्या तेथें उत्तर देण्याची सोय गेली.

तमाशानें ती सोडली नाहीं. १८६५ च्या सुमारास सावळजच्या उमाजीनें ‘मोहना बटाव’ रचला. पहिला वग तो हाच, असें मानतात. वगाची कथा ठरलेली, पदें ठरलेलीं, संवाद ज्याचे त्यानें करावयाचे. पाटलाचें पागोटें, बाजारांत चढलेला गुळाचा भाव, पुढें बसलेल्या सावकाराचें घोरणें, जें दिसेल तें सोंगाड्याच्या तोंडीं येई. वर्षभर पाटलास तोंडावर जें कोणी सांगूं धजत नसे, तें सोंगाड्या सांगे, आणि पाटलास चारचौघांत हंसावें लागे. रागावून तरी काय करणार? कागदावर नसलेल्या वाक्याचा पुरावा कोठून आणावा?

कराडापासून फार दूर नसलेल्या रेठरें हरणाक्ष या गांवीं १८६६ सालीं श्रीधर कृष्णाजी कुलकर्णी जन्मले. आडनांवानेंच लेखणीचे धनी. पण ब्राह्मण्याची प्रतिष्ठा सोडून ते फडांत उतरले आणि पठ्ठे बापूराव झाले. पवळाबाईसह त्यांचा फड गाजला. १९४५ सालीं ते वारले. त्यांच्या लावण्या छापील पुस्तकांत मिळतात. भाव्यांचा ‘नाट्यकवितासंग्रह’ही १८८५ सालीं छापला गेला. त्यांत पदें आहेत. दोन पदांच्या मध्यें राम काय बोलला, तें त्यांत नाहीं.