कायदा आणि राजवाडा

करवीर संस्थानात 1917 साली विधवांच्या पुनर्विवाहाला कायद्याने मान्यता मिळाली, 1919 साली आंतरजातीय विवाहाला. दोन्ही कायदे शाहू छत्रपतींचे. श्रोतेहो, पहिल्या कायद्याची परीक्षा वर्षभरातच राजवाड्यात झाली.

जून 1918 मध्ये धाकटे राजपुत्र शिवाजी शिकारीतील अपघातात वारले. लग्नाला जेमतेम वर्ष झालेले. त्यांच्या पत्नी इंदुमती राणीसाहेब तेव्हा बारा वर्षांच्याही नव्हत्या. महाराजांनी या सुनेचा पुनर्विवाह केला नाही. मराठा सरदार घराण्यांना तो मुळीच रुचला नसता हे खरे. तरी ही महाराजांची मर्यादाच म्हटली पाहिजे, आणि तसे म्हणण्यात त्यांचा अनादर होत नाही. पण सुनेला त्यांनी अंतःपुरात कोंडूनही ठेवले नाही. शहराबाहेर सोनतळीला तिच्या शिक्षणाची व्यवस्था केली. तिने डॉक्टर व्हावे अशी इच्छा धरली. शिक्षण चालेल, पुनर्विवाह नको, ही तडजोड आपल्या पेठांतील घरांनाही परकी नव्हती.

महाराज 1922 साली गेले. राणीसाहेब 1925 साली मॅट्रिक झाल्या. पुढे कोल्हापुरात त्यांनी स्त्रीशिक्षणाच्या संस्था उभारल्या. डॉक्टर होणे मात्र राहूनच गेले.