कर्नाळा किल्ला नेमका कुणाकुणाच्या ताब्यात होता? ५,००० सोन्याच्या नाण्यांवर परत दिलेल्या किल्ल्याची गोष्ट

मुंबई-गोवा महामार्गावरून पनवेल सोडलं की थोड्याच वेळात डाव्या हाताला डोंगरावर अंगठ्यासारखा एक सुळका दिसतो. बरेच जण त्याला कर्नाळ्याचा अंगठा म्हणतात. गाडीतून त्याचा फोटो काढला जातो, पक्षी अभयारण्याची पाटी मागे पडते आणि विषय संपतो.

पण मध्ययुगातल्या किमान सहा-सात सत्तांनी हा सुळका आपल्या ताब्यात असावा म्हणून सैन्य पाठवलं आहे. देवगिरीचे यादव, दिल्लीचे सुलतान, गुजरातचे सुलतान, अहमदनगरची निजामशाही, पोर्तुगीज, मराठे, मुघल, पुन्हा मराठे आणि शेवटी ईस्ट इंडिया कंपनी. इंटरनेटवर कर्नाळ्याबद्दल शोधलं तर ही यादी सगळीकडे मिळते. ती घाईत वाचली की एक गोष्ट मात्र हमखास चुकीची समजते. त्याबद्दल पुढे सांगतोच. आधी हे बघू, की एवढ्याशा किल्ल्यात असं होतं तरी काय?

नकाशा समोर ठेवा

कर्नाळ्याची उंची समुद्रसपाटीपासून साधारण ४७५ मीटर. माथा अगदी अरुंद, मोठी फौज ठेवायला जागाच नाही. रायगडासारखी राजधानी किंवा पुरंदरसारखी छावणी इथे होणं शक्य नव्हतं.

या किल्ल्याची किंमत त्याच्या आकारात नव्हती, जागेत होती. पनवेल हे खाडीच्या तोंडाशी असलेलं जुनं बंदर. समुद्रातून आलेला माल पनवेलला उतरायचा आणि तिथून बोरघाटानं देशावर चढायचा. दुसरी वाट दक्षिणेला आपटा, पेण, नागोठण्याकडे जाते. ही दुसरी वाट डोंगररांगेतल्या ज्या खिंडीतून जाते, तिच्या डोक्यावर कर्नाळा बसला आहे. आजचा महामार्गही त्याच खिंडीतून जातो, यावरून वाट किती सोयीची होती ते कळेल. माथ्यावर उभं राहिलं की एका बाजूला प्रबळगड, माणिकगड, राजमाची दिसतात आणि दुसऱ्या बाजूला खाडी आणि मुंबईचं बंदर.

थोडक्यात, बंदर आणि घाट यांच्यामधलं हे नाकं. ज्याच्याकडे कोकणपट्टी आहे त्याला देशावरून येणारी फौज आधी दिसावी असं वाटायचं, आणि ज्याच्याकडे देश आहे त्याला बंदरापर्यंतची वाट मोकळी हवी असायची. दोघांनाही तो सुळका लागायचा.

१५४० : एक किल्ला, तीन दावेदार

कर्नाळ्याच्या इतिहासातला सगळ्यात गुंतागुंतीचा आणि माझ्या मते सगळ्यात कमी सांगितला जाणारा भाग हा आहे.

त्याची सुरुवात कर्नाळ्यापासून दूर गुजरातमध्ये होते. गुजरातचा सुलतान बहादूरशाह याच्यावर उत्तरेकडून मुघल बादशहा हुमायून चालून येत होता. एकाच वेळी दोन शत्रू परवडणार नाहीत म्हणून बहादूरशाहनं डिसेंबर १५३४ मध्ये पोर्तुगीजांशी तह केला आणि वसई त्यांच्या हवाली केली. कोकणात पोर्तुगीजांचं मोठं ठाणं उभं राहिलं ते असं. पुढे फेब्रुवारी १५३७ मध्ये दीवजवळ पोर्तुगीजांशी झालेल्या भेटीच्या वेळी चकमक उडाली आणि तिच्यात बहादूरशाहचा मृत्यू झाला. गादीवर लहान वयाचा वारस आला आणि गुजरातचा दक्षिणेकडचा मुलूख जवळजवळ वाऱ्यावर पडला.

वाऱ्यावर पडलेल्या या मुलखात कर्नाळा होता आणि पेणजवळचा सांकशीही होता.

अहमदनगरच्या बुऱ्हाण निजामशाहनं संधी साधली. १५४० मध्ये त्याच्या फौजेनं हे दोन्ही किल्ले घेतले. गुजरातच्या अधिकाऱ्यांकडे ते परत घेण्याइतकं बळ नव्हतं. मग त्यांनी मदत मागितली ती वसईच्या पोर्तुगीज कप्तानाकडे, दों फ्रान्सिस्को द मेनेझेस याच्याकडे. ज्यांच्या भेटीत आपला सुलतान गेला, त्यांच्याच दारात तीन वर्षांनी जाण्याची वेळ आली होती. सीमेवरच्या अधिकाऱ्याला मैत्री आणि वैर निवडायची चैन नसते, एवढाच याचा अर्थ.

मेनेझेसनं माणसं पाठवली, किल्ले जिंकले आणि गुजरातच्या अधिकाऱ्यांना परत दिले. सोबत पोर्तुगीज शिबंदीही ठेवली. कागदावर किल्ला गुजरातचा, तटावर बंदूक पोर्तुगीजांची.

ही व्यवस्था फार टिकली नाही. निजामशाह चिडला होता आणि मोठी फौज पाठवणार हे उघड होतं. गुजरातच्या अधिकाऱ्यांनी हिशोब केला आणि किल्ले पोर्तुगीजांच्या नावावर करून ते वसईला निघून गेले. एका अर्थानं त्यांनी किल्ल्यासोबत निजामशाहशी होणारी लढाईही पोर्तुगीजांच्या गळ्यात घातली.

निजामशाहची ५,००० माणसांची फौज आली. वेढा पडला. वसईहून कुमक आली आणि वेढा उठला. किल्ले पोर्तुगीजांकडेच राहिले.

इथपर्यंत गोष्ट नेहमीच्या लढाईसारखी आहे. गंमत पुढे आहे. जिंकलेले किल्ले पोर्तुगीजांनी स्वतःहून निजामशाहला देऊन टाकले! बदल्यात दरवर्षी ५,००० सोन्याचे पर्दाव द्यायचे, असं ठरलं. पर्दाव हे त्या काळचं नाणं. त्याचं नाव विजयनगरच्या 'प्रताप' नावाच्या नाण्यावरून आलं असं मानतात.

असं का केलं असेल? पोर्तुगीजांची खरी ताकद समुद्रावर होती. वसई, चौल, दीव, गोवा ही सगळी ठाणी पाण्याच्या काठावर. जहाजातून कुमक पोचेल तिथे ते कुणालाही भारी होते. कर्नाळा मात्र डोंगरात होता. तिथल्या शिबंदीला दाणागोटा, दारूगोळा, पगार पोचवायचा तर जमिनीवरून जावं लागायचं, तेही निजामशाहच्या मुलखाला लागून. शिवाय चौलला त्यांचा व्यापार चालायचा तो निजामशाहीच्याच हद्दीत. एका सुळक्यासाठी तो व्यापार पणाला लावण्यापेक्षा दरसाल सोनं घेणं फायद्याचं होतं. किल्ला ठेवण्याचा खर्च आणि सोडण्याची किंमत यांचा असा उघड हिशोब कोकणच्या इतिहासात फार कमी वेळा इतका स्पष्ट दिसतो.

अर्थात हे ५,००० पर्दाव कुणाच्या खिशातून येणार होते? निजामशाहला ते महसुलातूनच काढायचे होते. आणि या पट्ट्यात महसूल म्हणजे मुख्यतः भातशेती, मिठागरं आणि बंदराची जकात.

'शिवाजी महाराजांनी कर्नाळा पोर्तुगीजांकडून घेतला' हे बरोबर आहे का?

आता सुरुवातीला म्हटलं त्या चुकीकडे येऊ. अनेक वेबसाइट्सवर आणि ट्रेकच्या माहितीत असं वाक्य सापडतं की १६७० मध्ये शिवाजी महाराजांनी कर्नाळा पोर्तुगीजांकडून जिंकला. १५४० च्या गोष्टीनंतर थेट १६७० वर उडी मारली की तसं वाटणं साहजिक आहे. पण मधल्या १३० वर्षांत बरंच काही घडलं होतं.

पोर्तुगीजांनी किल्ला निजामशाहीला दिला हे आपण पाहिलं. १६३६ मध्ये निजामशाही संपली आणि तिच्या कोकणातल्या मुलखावर विजापूरच्या आदिलशाहीचा अंमल आला. १६५७ मध्ये शिवाजी महाराजांनी कल्याण-भिवंडी घेतली आणि उत्तर कोकणात स्वराज्य पसरलं. कर्नाळा तेव्हा महाराजांकडे आला होता, याचा भक्कम पुरावा पुढच्या एका तहात आहे.

तो तह म्हणजे जून १६६५ चा पुरंदरचा तह. मिर्झाराजे जयसिंगाशी झालेल्या या तहात महाराजांना २३ किल्ले मुघलांना द्यावे लागले. त्यांचं वार्षिक उत्पन्न ४ लाख होन. महाराजांकडे राहिले १२ किल्ले आणि १ लाख होनांचा मुलूख. दिलेल्या २३ किल्ल्यांच्या यादीत पुरंदर, कोंढाणा, लोहगड, माहुली यांच्यासोबत कर्नाळाही आहे.

म्हणजे १६६५ पर्यंत कर्नाळा मराठ्यांकडे होता आणि त्यानंतर मुघलांकडे गेला. १६७० मध्ये तो परत घेतला तो मुघलांकडून. जुन्या गॅझेटियरमध्येही तसंच आहे. हे वर्ष महत्त्वाचं, कारण फेब्रुवारी १६७० मध्ये तानाजी मालुसऱ्यांनी कोंढाणा घेतला आणि तहात गेलेले किल्ले एकामागून एक परत यायला लागले. कर्नाळा त्या मालिकेतला एक किल्ला होता. त्याला पोर्तुगीजांविरुद्धची सुटी मोहीम म्हटलं की ही सगळी साखळीच तुटते.

हा किल्ला घेण्याची पद्धतही वेगळी होती. कोंढाण्यासारखा कडा चढून रात्रीचा छापा इथे पडला नाही. मराठे मातीचे आडोसे पुढे पुढे रचत, त्यांच्या आडून वर सरकत गेले. वरून होणारा मारा चुकवत एकेक टप्पा पुढे जायचं. वाट एकच, तीही सोंडेवरून, त्यामुळे संयमाचा हा मार्गच कामाचा होता.

दगडावरची तारीख

१६८० मध्ये महाराजांचं निधन झालं. औरंगजेब दख्खनेत उतरल्यावर मुघल फौजा कल्याण प्रांतावर वारंवार येऊ लागल्या. १६८९ मध्ये संभाजी महाराजांच्या हत्येनंतर तर मराठ्यांच्या ताब्यातले किल्ले भराभर गेले. मातबरखान या मुघल अंमलदारानं कल्याण भागातले किल्ले घेत आणले. कर्नाळा पुन्हा मुघलांकडे गेला.

तो किती काळ तिकडे राहिला याचा एक पुरावा किल्ल्यावरच आहे. कर्नाळ्यावर दोन शिलालेख आहेत, एक मराठी आणि एक फारसी. मराठी लेखावर तारीख नाही. फारसी लेखात सय्यद नुरुद्दीन मुहम्मद खान हे नाव आणि हिजरी ११४६ हे वर्ष आहे. बऱ्याच ठिकाणी त्याचं रूपांतर इसवी सन १७३५ असं छापलेलं दिसेल. पण हिजरी ११४६ हे वर्ष जून १७३३ मध्ये सुरू होऊन जून १७३४ मध्ये संपतं. फरक वर्षभराचाच आहे, पण तारीख दगडावर कोरलेली असताना ती नीट वाचलेली बरी.

म्हणजे पुण्यात बाजीराव पेशवे होते, माळव्यापर्यंत मराठी फौजा जात होत्या, तेव्हाही पनवेलच्या डोक्यावरच्या या किल्ल्यात खान मंडळी आपलं नाव कोरत होती. १७३९ मध्ये चिमाजी आप्पांनी वसई जिंकली आणि उत्तर कोकणातली पोर्तुगीजांची सत्ता मोडली. १७४० पासून कर्नाळा पेशव्यांकडे धरला जातो.

१८१८ आणि शिरढोणचं फडके घराणं

पुढची जवळपास ८० वर्षं तुलनेनं शांत गेली. नोव्हेंबर १८१७ मध्ये खडकीची लढाई झाली आणि दुसऱ्या बाजीरावाला पुणं सोडावं लागलं. त्यानंतर कंपनीनं कोकणातले किल्ले घ्यायला कर्नल प्रॉथर याच्या हाताखाली फौज पाठवली. १८१८ च्या सुरुवातीला कर्नाळा पडला. त्याच प्रॉथरनं मे महिन्यात रायगडही घेतला.

कर्नाळ्याचे तेव्हाचे किल्लेदार होते अनंतराव फडके. पायथ्याशी असलेल्या शिरढोण गावात त्यांचं घर. किल्ला गेला तशी किल्लेदारीही गेली. याच घरात ४ नोव्हेंबर १८४५ रोजी अनंतरावांचा नातू जन्मला, वासुदेव बळवंत फडके. लष्कराच्या हिशोब खात्यात नोकरी करणाऱ्या या माणसानं १८७९ मध्ये इंग्रजांविरुद्ध सशस्त्र बंड केलं. पकडल्यानंतर त्यांना एडनच्या तुरुंगात पाठवलं, तिथेच १७ फेब्रुवारी १८८३ रोजी त्यांचा मृत्यू झाला. शिरढोणचा वाडा आजही पाहता येतो. कर्नाळ्याला जाणार असाल तर तो चुकवू नका, रस्त्यालाच आहे.

आज काय बघायला मिळतं?

१८८३ पर्यंत पनवेल तालुका ठाणे जिल्ह्यात होता, नंतर तो कुलाब्यात, म्हणजे आजच्या रायगड जिल्ह्यात आला. त्यामुळे किल्ल्याची जुनी सरकारी माहिती हवी असेल तर रायगडचं नाही, १८८२ चं ठाणे गॅझेटियर उघडावं लागतं. अनेकांचा शोध इथेच भरकटतो.

किल्ल्याभोवतीचं जंगल १९६८ मध्ये पक्षी अभयारण्य झालं. २००३ मध्ये त्याचा विस्तार झाला आणि क्षेत्रफळ साधारण १२ चौरस किलोमीटर झालं. किल्ल्यावर जायची वाट अभयारण्यातूनच आहे, त्यामुळे प्रवेश वन विभागाच्या वेळेत आणि तिकीट काढूनच मिळतो. वर दरवाजे, तटबंदीचे अवशेष आणि सुळक्याच्या पोटात खोदलेली पाण्याची टाकी व कोठारं आहेत. वेढा पडला की शिबंदी जगायची ती या टाक्यांच्या पाण्यावर. सुळक्यावर मधमाश्यांची मोठी पोळी असतात, तेव्हा आरडाओरडा, धूर आणि अत्तर टाळा.

दोन्ही शिलालेख शोधायचे असतील तर सकाळी लवकर जा. कोवळ्या, तिरप्या उन्हात झिजलेली अक्षरं थोडी तरी उठून दिसतात.